फाळका कोणी उघडला, त्या दाव्याची हकीकत

श्रीगणरायास नमन, शारदेस नमन, आणि दोन्हीकडील वकिलांस लांबूनच नमन. शके १९४६, क्रोधीनाम संवत्सर, कार्तिक मास. ते समयी राज्यात मालट्रकांचे धनी आणि हमालांची युनियन यांजमध्ये दावा लागला. त्याचे कारण ऐसे जे, ट्रकाचे मागील झडपेस फाळका म्हणतात, तो उघडणे काम कोणाचे? साखरेचे एक पोते पडून फुटले, इतकेच निमित्त. धनी म्हणो लागले, माल उतरविणे हमालांकडे, सबब फाळकाही त्यांजकडे. युनियन म्हणो लागली, फाळका गाडीचा अवयव, सबब गाडीवाल्याने उघडावा. जो उघडील तो नुकसानीस जबाबदार, हे दोहोंस पक्के ठाऊक, आणि मग कोणी हात लाविना, आणि भरल्या गाड्या उन्हात तटून राहिल्या, आणि पेठेत जो तो दुसऱ्याच्या हाताकडे पाहो लागला.

वास्तविक पूर्वापार चाल ऐसी की फाळका एकट्याने उघडतच नसे. गाडीवाल्याने खिट्टी धरून ‘आला’ म्हणून आरोळी द्यावी, आणि हमालांच्या मुकादमाने खाली खांदा लावून ‘येऊ दे’ म्हणावे, आणि मग खिट्टी काढावी. दस्तगीर मुलाणी हे एका गाडीचे धनी, स्वतःच हाकीत. आणि रंगनाथ खरमाटे हे टोळीचे मुकादम. या दोघांचे काम एकमेकांकडे न पाहता चाले, ऐसा भरवसा. या दाव्यात पहिला बळी त्या भरवशाचा पडला. धन्यांच्या संघाने मुलाण्यांचे कानी घातले की मुकादम तुमचे बोलणे मोबाइलात टिपून घेतो. युनियनने मुकादमांचे कानी घातले की मुलाणी चहा पाजतात तो उगाच नव्हे. खरे काय ते कोणी पाहिले नाही. दोघांनी चहा बंद केला.

मग न्यायासनाचा हुकूम सुटला की फाळका कसा उघडतात ते समक्ष करून दाखवावे, आणि त्याकामी हे दोघेच नेमिले. संघाच्या वकिलाने मुलाण्यांस बजाविले, आरोळी म्हणजे हुकूम, आणि हुकूम देणारा जबाबदार, सबब तोंड मिटून खिट्टी ओढावी. युनियनच्या वकिलाने मुकादमांस बजाविले, खांदा लाविला की कबुली झाली, सबब दूर उभे राहावे. अति शहाणा त्याचा बैल रिकामा म्हणतात. येथे शहाणे वेगळे आणि बैल दुसऱ्याचे. नेमल्या दिवशी दोन्हीकडील मंडळी मोबाइल रोखून उभी राहिली, आणि मुलाण्यांनी खिट्टीस हात घातला, आणि दूर उभे मुकादम एकाएकी फाळक्याखाली धावले, आणि मुलाण्यांनी ते पाहूनही खिट्टी ओढिली. फाळका पोत्यांसकट मुकादमांच्या खांद्यावर आला. हाड मोडले. डाक्तर म्हणाले, या खांद्यावर पुन्हा ओझे नाही.

खांदा गेला तो मुकादमांचा, परंतु आयता पुरावा मिळाला म्हणून आनंद दोन्ही वकिलांस जाहला, हे लिहिताना आम्हांस किळस येते. पुढील तारखेस मुकादम हात गळ्यात बांधून उभे राहिले. पुढे का गेलास, ऐसे विचारिता म्हणाले, “पोती फाळक्यावर रेलली होती, साहेब. आन् मुलाण्याचा पाय खाली होता.”

मागाहून मुलाण्यांची पाळी आली. मुकादमाने आपण होऊन खांदा दिला इतकेच बोलावे, ऐसे संघाने पढवून धाडिले होते. ते कठडा धरून बोलिले, “फाळका मी उघडला. आरोळी दिली नाही. मुकादम पुढं येताना मला दिसला होता. वाटलं, मला अडकवायला येतोय. म्हणून घाई केली.”

तेवढ्या बोलण्यावर दावा युनियनकडे गेला. संघाने मुलाण्यांस विकला गेलेला म्हणून काढून टाकिले, आणि युनियनवाले जिंकूनही कुजबुजो लागले की आपल्यापैकी कोणी याला फोडिला? एका माणसाने खरे बोलावे, आणि त्यात काही काळेबेरे नसावे, हे राज्यात कोणाचेच पचनी पडेना.

त्याच सांजेस मुलाणी खरमाट्यांचे घरी गेले. खरमाट्यांनी बैसविले, पाणी दिले, डाव्या हाताने दार लोटून घेतले, आणि जवळ सरकून हळूच विचारिले, “आता इथं कुणी नाही, दस्तगीर. खरं सांग. आमच्या लोकांनी तुला काय दिलं?”

मुलाण्यांनी पाणी तैसेच ठेविले आणि उठले.

येणेप्रमाणे युनियन जिंकली, धनी हरले, आणि खरमाटे व मुलाणी एकमेकांस मुकले. आम्ही ऐकिले तैसे लिहिले. याकामी आम्हांस कोणी काही दिलेले नाही. वाचणाराने मानावे अथवा न मानावे.