जंगलात जायची रजा

विमा कचेरीतल्या कारकुनाने रजेच्या अर्जात ‘जंगलात जायचे आहे’ असं कारण लिहिलं, तेव्हा आपण खोटं बोलतोय असं त्याला अजिबात वाटलं नाही. बर्फाळ रानात एकट्याने जगून दाखवायचा एक व्हिडिओ गेम म्हणजे त्याचा जीव की प्राण. त्याचा दुसरा भाग येणार म्हणून तो कित्येक वर्षं डोळे लावून बसला होता. आता तो शुक्रवारी येणार होता.

साहेबांनी अर्ज वाचला आणि चष्मा काढला.

“एकटाच जाणार?”

“एकट्यानेच जायचं असतं साहेब. त्यातच मजा.”

“आणि खाणंपिणं?”

“मिळेल ते. मागच्या वेळी ससे मारून खाल्ले.”

साहेब बघतच राहिले. हा माणूस पाल दिसली की कचेरीबाहेर पळायचा.

“लांडगे वगैरे?”

“असतात की. आग पेटवली की लांब राहतात.”

इथे साहेबांचा काहीतरी घोळ झालाय, हे कारकुनाच्या लक्षात आलं. पण साहेबांच्या चेहऱ्यावर त्याच्याबद्दल चक्क आदर होता. नोकरीत हा प्रकार तो पहिल्यांदाच पाहत होता. त्याने तो घोळ तसाच राहू दिला.

दुपारपर्यंत सगळ्या कचेरीला बातमी लागली. रोखपालबाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. साहेबांनी त्याची पॉलिसी बारकाईने वाचली. लांडगा तिच्यात बसत नाही, अस्वल मात्र ओढूनताणून बसवता येईल, असं त्यांनी गंभीरपणे सांगितलं. आणि शुक्रवारी सकाळी ते स्वतःचा तंबू घेऊन त्याच्या दारात हजर झाले.

“बस गाडीत. माझी सासुरवाडी त्याच रस्त्याला आहे. जंगलापाशी सोडतो तुला.”

नाही म्हणायला त्याने तोंड उघडलं, तेवढ्यात साहेबांनी त्याच्या पाठीवर थाप मारली. अशी थापही पहिलीच होती. तो गाडीत बसला.

डांबरी रस्ता संपला तिथे साहेबांनी त्याला उतरवलं, कडकडून मिठी मारली आणि ते निघून गेले. गाडी दिसेनाशी होताच त्याने बायकोला फोन लावला.

“अगं, मी जंगलात आहे.”

“सुरू झाला गेम? मग इथे टीव्हीवर डाउनलोड होतोय तो कुठला?”

“खऱ्या जंगलात!”

“अगं बाई! मग आता?”

“थंडी वाजतेय.”

“आग पेटव ना. तू तर चुटकीसरशी पेटवायचास.”

“बटण दाबून पेटवायचो!”

त्याने तंबू उभारला. तंबू त्याच्यावरच कोसळला. आत चाचपडत असताना बाहेरून कुणीतरी जोरजोरात हुंगत असल्याचा आवाज आला. अस्वलच असणार, म्हणून त्याने श्वास रोखून धरला आणि पॉलिसीची उजळणी केली. शेवटी हिय्या करून डोकं बाहेर काढलं, तर एक बकरी तंबूची दोरी खात होती. तिने त्याच्याकडे असं पाहिलं की त्याने तंबू गुंडाळला आणि हमरस्ता गाठला. दुधाच्या टेम्पोत बसून तो दुपारी घरी पोचला.

बायको सोफाभर उशा-पांघरुणं पसरून मधोमध मांडी घालून बसली होती. हातात कंट्रोलर.

“बूट बाहेर काढ, चिखल आहे,” ती मान न वळवता म्हणाली. “नीट सुरू होतोय का, तेवढंच बघत होते.”

“झाला ना? दे इकडे.”

“थांब रे. लांडगा मागे लागलाय. मी मेले की तुझा नंबर.”

ती मेली नाही. शनिवारी मेली नाही, रविवारीही नाही. पहिल्या भागात तो स्वतः सुरुवातीलाच कच्चा मासा खाऊन मेला होता. हिने गुहा शोधली, लाकडं साठवली, अस्वलालाही झुलवत ठेवलं. तो चहा करत होता, भांडी घासत होता आणि मधूनमधून सल्ले देत होता.

“शूऽऽ,” ती म्हणायची. “ससा पळेल.”

सोमवारी डोळे लाल, दाढी वाढलेली, अशा अवतारात तो कचेरीत शिरला. सगळे त्याच्याभोवती जमले.

“सांग,” साहेब हळुवारपणे म्हणाले, “सगळ्यात अवघड काय गेलं? थंडी? भूक?”

कारकुनाने विचार केला. त्याला खोटं बोलायचं नव्हतं.

“एकटेपणा, साहेब. कुणी माझ्याकडे ढुंकूनसुद्धा पाहिलं नाही.”

रोखपालबाईंनी नाक पुसलं. साहेबांनी चष्मा काढून पुसला.

“आजही रजा घे. घरी जा, निवांत पड.”

“नको साहेब,” असं म्हणत तो आपल्या टेबलाशी जाऊन बसला. “इथे निदान बसायला जागा तरी आहे.”