जपानी डिस्कचं जाहीर प्रकाशन

जोडीनं नाचण्यावरचा एक गाजलेला जुना जपानी सिनेमा यंदा डिस्कवर आला आणि बाळासोंनी तो मागवला. कारण साधं होतं. मागं फिल्म क्लबात तो बघताना छत्र्या दुरुस्त करणारा नायक बायकोपुढं हात करून उभा राहिला आणि लाईट गेली. "उठली असंल का हो ती नाचायला?" असं बाळासोंच्या पत्नी तानाबाई नंतर कितीदा तरी विचारायच्या. उत्तर न मिळताच त्या गेल्या. आता ते उत्तर बाळासोंना हवं होतं.

घर सापडेना म्हणून पार्सल तालमीच्या कट्ट्यावर पोचलं. मंडळाचे अध्यक्ष विजयसिंह यांनी ते रीतसर ताब्यात घेतलं.

"मामा, जपानी पिक्चरची कोल्हापुरातली पहिली डिस्क हाय ही. प्रकाशन केल्याबिगर उघडायची न्हाय."

"अरे, मला निस्ता शेवट बघायचाय."

"शेवट कुठं पळून चाललाय व्हय?"

प्रकाशन म्हटल्यावर फ्लेक्स आला. त्यावर सगळे पदाधिकारी बसवल्यावर जपानी जोडप्याला जागा उरली ती फक्त पायांपुरती. फ्लेक्स लागला म्हणून प्रमुख पाहुणे बोलावले, पाहुण्यांसाठी फेटे आणले, आणि फेटे बांधून नुसतं बसणं बरं दिसेना म्हणून मिरवणूक निघाली. डिस्क सजवलेल्या ट्रॅक्टरवर. पुढं हलगी.

"तिकडंबी कुस्ती, हिकडंबी कुस्ती," असं सांगून पाहुण्यांनी जपान आणि कोल्हापूरचं नातं सिद्ध केलं. स्मृतिचिन्ह आणायचं राहून गेलं होतं, म्हणून मंडळानं डिस्कच त्यांना भेट दिली. ती घेऊन गाडी गडहिंग्लजकडं सुटली.

"माझी डिस्क!" बाळासो गाडीमागं धावले. हलगीवाल्यांना वाटलं, मामा नाचायलाच आले.

"मामास्नी जागा द्या रं!"

रिंगण झालं. बाहेर पडायला वाट राहिली नाही. हलगी अशी कडाडली की बाळासोंचे पाय त्यांना न विचारताच उचलले. एक हात पुढं, दुसरा कुणाच्या तरी कमरेला असल्यासारखा. ते गरगर फिरू लागले. शिट्ट्या वाजल्या. बाळासो स्वतःही हसले. हात धरायला मात्र कुणी पुढं आलं नाही. सगळ्यांच्या हातात मोबाईल होते.

'नादखुळा मामा' हा व्हिडिओ संध्याकाळपर्यंत राज्यभर फिरला. हलगी थांबल्यावर त्यात बाळासो धापा टाकत जवळ येतात आणि विचारतात, "पावणं, कुणी बघितलाय का तो पिक्चर? उठली का ती?"

लोकांनी हसून हसून डोळ्यांत पाणी आलेले इमोजी टाकले. उत्तर कुणीच दिलं नाही. हलगी थांबली की पुढं कोण बघतंय? तुम्हालाही आला होता की तो. तुम्ही तर चार ग्रुपवर पाठवलात.