फळ न धरणारा आंबा

"झाड थोरल्याच्या वाट्याला, फळ दोघांच्या ताटाला," वाटणीच्या दिवशी उंबऱ्यात बसून आई म्हणाली होती. आईला, बायडाबाईला, जाऊन बारा वर्षं झाली. आज निरगुडसरच्या शिवारात मोजणीची माणसं आली, आणि हौशीरामाच्या कानात तो आवाज जात्याच्या घरघरीसारखा फिरू लागला.

सरकारचा नवा रस्ता त्याच्या मळ्यातून जाणार होता. जमिनीचा भाव वर कचेरीत ठरायचा. झाडांचा मात्र इथेच, झाडाखाली उभं राहून. शेजारच्या वाट्याचा धनी म्हणून धाकटा भाऊ गोरख हद्द दाखवायला भोसरीहून आला होता. पंच म्हणून गावातला सोमाजी होता.

कृषी खात्याच्या तेजस्विनी मॅडमनी मान वर केली. चैत्रातलं झाड कैऱ्यांनी वाकलं होतं.

"दरवर्षी किती फळ निघतं, काका?"

हौशीरामाने गोरखकडे पाहिलं. बारा वर्षं तो या भावाला फोनवर सांगत आला होता: यंदा मोहोर जळाला, यंदा गारा झाल्या, यंदा वानरं उतरली.

"फळ धरत न्हाई," तो म्हणाला.

मॅडमचं पेन थांबलं. "मग या कैऱ्या?"

"टिकत न्हाईत. गळत्यात."

"काका, सकाळपासून सात मळे झाले. लोकांनी वीतभर रोपंसुद्धा झाडं म्हणून दाखवली. आपलं झाड वांझ आहे असं सांगणारे तुम्हीच पहिले. फळाच्या झाडाला फळाप्रमाणे भरपाई मिळते. नाहीतर नुसत्या लाकडाचा भाव."

"लाकूड बी बरंय त्याचं," हौशीराम म्हणाला. या झाडाच्या पैशावर त्याने मनात नवी विहीर खणून ठेवली होती.

सोमाजीला राहवेना. "आरं, गेल्या साली तुझ्याच कैऱ्यांचं लोणचं घातलं की आमी."

"त्या बाजारच्या व्हत्या."

"बाजारच्या? म्या सोता वर चढून काढल्या राव. तू खालनं 'फांदी मोडू नको' म्हणत व्हतास."

"आसंल. थोडंफार उरतं. त्ये हिच्या म्हायेरी जातं, डिंगोऱ्याला. पाट्याच्या पाट्या." हे मात्र त्याला खरोखर सलत आलं होतं. दर वैशाखात त्याची बायको सरूबाई फडक्याने बांधलेल्या पाट्या घेऊन मंचरच्या स्टँडवर जाई, आणि तो ओट्यावरून म्हणे, "न्या, समदं म्हायेरी न्या."

"थोडंफार, की पाट्याच्या पाट्या?" मॅडमनी विचारलं. "मी नेमकं काय लिहू?"

गोरखने पायाने एक ढेकूळ फोडलं. "दादा म्हणतोय तर गळत आसंल, मॅडम."

हौशीराम त्यानेच जास्त खचला. भावाने चारचौघांत शिवी दिली असती तर त्याला बरं वाटलं असतं.

शेवटी मॅडमनी लिहिलं: मालकाच्या सांगण्यानुसार झाड फळ देत नाही. कागद त्याच्यापुढे धरला. त्याने पेन घेतलं. वाऱ्याची झुळूक आली, आणि एक कैरी टपकन त्याच्या पुढ्यात पडली, जणू तीच तेवढी त्याच्या बाजूने साक्ष द्यायला उतरली. कुणी हसलं नाही.

चहाची किटली घेऊन सरूबाई मघापासून बांधावर उभी होती. तिने किटली ढेकळांत नीट टेकवली, पदर सावरला.

"थांबा, सही करू नगा," ती म्हणाली. "मॅडम, हजार-बाराशे फळ लिवा. दरसालचं."

मग ती नवऱ्याकडे वळली. आवाज चढला नाही, उलट खाली आला.

"आन आवो, आता तुमी बी ऐका. माझ्या म्हायेरी एक पाटी कवा गेली न्हाई. बारा वर्सं समद्या पाट्या भोसरीला गेल्या, भाऊजींच्या घरी. तुमाला कळू द्यायचं न्हाई म्हणून मीच त्यांना शपथ घातली व्हती."