सुरी पुसलंस?

आमच्या मुलीच्या वाढदिवसाला शेजारच्या परबकाकांनी केक कापायची सुरी ब्लीचच्या पाण्यात बुचकळली. पहिला घास घेऊन मुलगी म्हणाली, "बाबा, केक स्विमिंग पूलसारखा स्मेल करतो." पाहुणे बशीकडे बघत राहिले. काका मात्र खूश. "वास येता म्हणजे साफ आसा," ते म्हणाले.

परबकाका मूळचे कुडाळचे. इथे ओमानमध्ये, माबेलाला, आमच्या शेजारच्या फ्लॅटमध्ये एकटे राहतात आणि बरकाजवळ एका अर्बाबच्या, म्हणजे अरब मालकाच्या, नर्सरीत लिंबू-मोसंबीची कलमं बांधतात. कुणाच्याही हातात धारेची वस्तू दिसली की त्यांचा एकच प्रश्न, "सुरी पुसलंस?" माझी बायको कांदा चिरत असली तरी दारातून विचारतात. खालच्या मलबारी न्हाव्याला कात्रीबद्दल विचारलं तेव्हा तो म्हणाला, "अंकल, आप झाड नहीं हो." काकांनी त्याच्याशी अबोला धरला आणि महिनाभर डोक्यावर जंगल घेऊन फिरले.

या सगळ्याच्या मुळाशी आहे व्हायरॉइड. रोग पसरवणाऱ्यांच्या अख्ख्या खानदानातलं हे शेंडेफळ, विषाणूहूनही चिमुकलं. काका त्याच्याबद्दल भाऊबंदकीतल्या माणसासारखं बोलतात. "विषाणूच्या अंगात निदान सदरो तरी असता. ह्यो नागडो. सुरीवरसून झाडात शिरता आणि झाडाकच सांगता, माज्या नकला काढ. झाड बिचारा आपला काम सोडून नकला काढीत बसता. मगे वाढ खुंटता, साल फुटता."

माणसाला तो लागत नाही, हे काकांना ठाऊक आहे. पण हाताची खोड काही जात नाही. या रोगाला औषध नाही. त्यामुळे नर्सरीत लागण झालेलं झाड दिसलं की काका ते उपटून जाळतात, "खलास" म्हणतात आणि हात धुतात. अर्बाबने कितीही गयावया केली तरी ऐकत नाहीत.

मागच्या शुक्रवारी माझ्या रुसैलच्या फॅक्टरीला सुट्टी होती, म्हणून मी काकांच्या गॅलरीत चहाला बसलो होतो. कोपऱ्यातल्या कुंडीत एक लिंबाचं झाड होतं. जेमतेम गुडघ्याएवढं, बुंध्याची साल पापुद्रे सुटल्यासारखी. इतकी व्याख्यानं ऐकल्यावर मलाही थोडं कळायला लागलंय.

"काका, हे तर लागलेलं आहे. जाळलं कसं नाही?"

काकांनी कप खाली ठेवला.

"तुझ्या काकीन बांधलेला कलम."

काकू इथे येऊन राहिल्या होत्या, पण त्यांना ओमान कधी मानवलंच नाही. शेवटी त्या कुडाळला परत गेल्या, एवढं मला माहीत होतं.

"अर्बाबच्या मळ्यात जुन्या मोसंबीची फांदी कापल्यान, आणि तीच सुरी घेऊन कलम बांधूक बसली. मी बाजूकच होतंय. पण ती हसत होती रे. हंय इल्यापासून पयल्यांदाच. मगे मी गप ऱ्हवलंय."

जगाच्या सुऱ्या पुसणारा हा माणूस तेव्हा बायकोच्या हसण्यापुढे गप्प बसला होता.

तेवढ्यात फोन वाजला. काकूंचा. काकांनी स्पीकर लावला. नवऱ्याची चौकशी नाही, काही नाही, थेट प्रश्न आला, "माज्या झाडाक लिंबा धरली?"

काका त्या खुंटलेल्या झाडाकडे बघत म्हणाले, "फुडल्या वर्सा गो. इन्शाल्ला."