एका मनगटाचे दोन अपघात

मी एका हॉस्पिटलात मेडिकल कोडिंग करतो. हे ऐकलं की लोक विचारतात, म्हणजे कॉम्प्युटर दुरुस्त करता का? म्हणून आधीच सांगून टाकतो. डॉक्टर कागदावर जे लिहितात त्याचे मी कोड लावतो, आणि ते कोड बघून विमा कंपनी उपचारांना मंजुरी देते. कुठलं हाड मोडलं, कुठल्या वाहनावरून पडून मोडलं, सगळ्याला कोड आहे. दुखापत ताजी आहे की जुन्या दुखापतीचे पुढचे उपचार चालू आहेत, हे कोडचं शेवटचं अक्षर सांगतं. बारा वर्षांत माझी एकही फाईल परत आलेली नाही! आमच्या विभागप्रमुख मॅडम नव्या लोकांना शिकवताना माझ्याच फायली दाखवतात, आणि तेव्हा मी मान खाली घालून उगाच टाइप करत बसतो.

तीन महिन्यांपूर्वी माझे सासरे स्कूटरवरून पडले आणि त्यांचं उजवं मनगट मोडलं. सासरे घड्याळं दुरुस्त करतात, म्हणजे त्यांचं सगळं आयुष्यच त्या तीन बोटांच्या चिमटीत. आमच्याच हॉस्पिटलच्या सर्जननी आत प्लेट बसवली. सासूबाईंनी स्कूटरची किल्ली कपाटात टाकली, कपाटाची किल्ली कमरेला लावली आणि पुन्हा त्या गाडीला हात लावलात तर माझ्याशी गाठ आहे, असं बजावलं.

आणि त्या गुरुवारी मनगट एकाएकी टम्म सुजलं. बोटं मिटेनात. सर्जननी एक्स-रे बघितला, प्लेट हलली आहे म्हणाले, आणि डोळे बारीक करून परत बघितला. उद्या सकाळी ऑपरेशन करू, परवापासून ते पंधरा दिवस बाहेरगावी. ते परत येईपर्यंत थांबलं तर बोटांची पकड कायमची जाऊ शकते. विमा कंपनीची मंजुरी मात्र पाचच्या आत यायला हवी होती.

नात्यातल्या माणसाची फाईल दुसऱ्याकडे द्यायची, असा आमच्याकडे नियम आहे. पण सासूबाईंसमोर मी छातीवर हात ठेवून म्हणालो होतो, "आई, काळजी करू नका, फाईल मी स्वतः बघतो." जावयाला अशा संधी कितीशा मिळतात?

घाईत आम्ही सगळेच जे करतो तेच मी केलं. तीन महिन्यांपूर्वीची फाईल उघडली, तिचीच नक्कल केली, तारीख बदलली, प्लेट हलल्याचा कोड जोडला आणि दिली पाठवून. मग ऐटीत चहा प्यायलो.

तीन वाजता फाईल परत आली. बारा वर्षांत पहिल्यांदा! कंपनीचा प्रश्न होता की रुग्णाला झालेल्या दुसऱ्या वाहन अपघाताचा तपशील द्या. मी स्क्रीनकडे बघितलं. शेवटचं अक्षर बदलायचंच राहिलं होतं. ताजी दुखापत, ताजा अपघात. माझ्या हिशेबाने सासरे काल-परवा पुन्हा स्कूटरवरून पडले होते.

दुरुस्त करायला दोन मिनिटं लागली असती. पण दुरुस्तीवर मॅडमची सही लागते आणि मॅडम मीटिंगमध्ये. तेवढ्यात वॉर्डमधून फोन आला, ताबडतोब वर या. कंपनीचा तोच मेसेज सासूबाईंच्या मोबाइलवरही गेला होता.

वर गेलो तर सासूबाई खाटेच्या पायथ्याशी उभ्या. त्या आवाज चढवत नाहीत, हळू बोलतात, आणि त्याचीच घरात दहशत आहे.

"अहो, दुसरा अपघात कधी झाला?"

सासरे गप्प. कपाळावर घाम. मला वाटलं, बिचारा निष्पाप माणूस, अपमानाने वाचाच बसली आहे. आणि मी काय केलं? कंपनीकडूनच काही गोंधळ झाला असेल, असं पुटपुटून खाली पळालो. मॅडमच्या खोलीबाहेर पाऊण तास येरझारा घातल्या. आत जायचं म्हणजे बारा वर्षांची अब्रू टेबलावर ठेवायची, आणि बाहेर थांबायचं म्हणजे एका घड्याळजीची बोटं. शेवटी दार ढकललं. मॅडमनी फाईल एकदा वाचली, माझं नाव बघून पुन्हा वाचली आणि सही केली. शेवटचं अक्षर बदललं, फाईल गेली, आणि चार चाळीसला मंजुरी आली.

मी जिने चढत वर गेलो. सासूबाई अजून तिथेच होत्या. सर्जनही आले होते.

"आई, बाबांचं काही चुकलेलं नाही. चूक माझी आहे. दुसरा अपघात झालाच नाही, तो माझ्या हातून चुकून लिहिला गेला."

सासूबाईंनी माझ्याकडे ज्या नजरेने बघितलं, तिच्यासाठी कोड नाही. पण सासऱ्यांचे डोळे भरून आले.

"जावईबापू," ते म्हणाले, "माझं पाप तुम्ही कशाला अंगावर घेता?"

आणि भडाभडा बोलून गेले. सोमवारी सासूबाई बाहेर गेल्या होत्या. स्कूटरची दुसरी किल्ली त्यांनी कुलपाचं माप घेऊन दुकानात स्वतःच, डाव्या हाताने, कानशीने घासून बनवली होती. स्कूटर फाटकापर्यंतच नेली. फाटकाचा खांब मध्ये आला. पडले ते त्याच मनगटावर.

"तरीच," सर्जन म्हणाले. "हाडाचा तडा नवा आहे, असं मला एक्स-रे बघतानाच वाटलं होतं. थांबा, नोंद करतो."

मी घड्याळात बघितलं. चार सत्तेचाळीस! म्हणजे मंजुरी मिळालेली फाईल आता खोटी होती. सर्जनच्या हातातला कागद घेऊन मी तीन मजले उतरलो, मॅडमच्या दारावर पुन्हा थाप मारली, शेवटचं अक्षर पुन्हा पहिल्यासारखं केलं आणि कंपनीला फोन लावला. पलीकडच्या बाईंनी शांतपणे विचारलं, "एकदा नक्की सांगा, माणूस पडलाय की नाही?" पडलाय, म्हणालो, आणि आवाज रडवेला झाला. माझ्यामुळे त्या हाताचं काही झालं असतं तर मी त्या घरात पाऊल टाकू शकलो नसतो. बाई फोन धरून ठेवायला सांगून गेल्या. मी भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत उभा होतो. पाचला एक मिनिट असताना त्या परत आल्या आणि मंजुरी दिल्याचं म्हणाल्या.

दुसऱ्या दिवशी ऑपरेशन झालं. शुद्धीवर आल्या आल्या सासऱ्यांनी तीन बोटं मिटून दाखवली, आणि सासूबाई पदर डोळ्यांना लावून खिडकीकडे वळल्या. मग वळून त्यांनी सासऱ्यांकडून दुसरी किल्ली मागून घेतली.

दुपारी कंपनीच्या त्याच बाईंचा फोन. त्या फाईल बंद करत होत्या आणि त्यांना एक सुचवायचं होतं.

"तुमच्याकडे कालची पहिली फाईल ज्यांनी केली ना, ते फार बारकाईने काम करतात. आम्हाला कळायच्या आधी त्यांनी दुसरा अपघात पकडला. ती मध्ये बदलणारा कोण आहे, त्याला मात्र जरा शिकवा."

"हो," मी म्हणालो. "सांगतो त्याला."