बाबांचं परत एकदा

आमच्या समोरचे बाबा कुकरला रागावतात. माझ्या कुकरची शिट्टी वाजली की खिडकीत येतात, एक हात कानावर ठेवतात, दुसरा वरनं खाली आणून दाखवतात, म्हणजे सूर पडलाय. मी घाबरून गॅस बंद करते. मंग भात कच्चा राहतो आणि सासू मला रागावते.

बाबा युक्रेनचे. जव्हारच्या दवाखान्यातले आमचे डॉक्टरसाहेब तिकडं शिकायला गेलेले, तिकडचीच बायको करून आले, लढाई लागली तशी सासऱ्यांनापण घेऊन आले. मी त्यांच्याकडं भांडी घासते. मराठी बाबांना एवढंच येतं, "परत एकदा." शेजारच्या अंगणवाडीत बाई प्रत्येक गाण्यानंतर बोलते ना, ते ऐकून शिकले. आता कोंबडा आरवला तरी परत एकदा. भाजीवाली ओरडली तरी परत एकदा. ती बोलली, बाबा, मेथी घ्या नायतर जाऊ द्या, मी काय रेडिओ हाय?

त्यांच्या मुलीला आम्ही ताई बोलतो. तिनं सांगितलं, बाबा तिकडं मोठ्या थेटरात गाण्याची नाटकं बनवायचे, सगळ्या चाली त्यांच्याच. त्यात बोलायचंच नाय, सगळं गाऊन. मी विचारलं, भाकर वाढ, हेपण गाऊन? तेपण, ती बोलली. मंग जेवायला लय उशीर होत असंल, मी बोलले. तिनं हे बाबांना सांगितलं तर डोळ्यातनं पाणी येईतो हसले. एरवी गपच. ओट्यावर बसून हवेत बोटं हलवतात. सासू बोलते, मच्छर मारतात.

मी सातवी शिकलेली, मला त्या नाटकातलं काय कळतंय. पण मागं माझी पोर चार महिन्यांची असताना दूध ओढेना झाली, रडणंपण बारीक झालं. सासू बोलायची, गुणी हाय, गप पडून राहते. माझं माहेर वावर गावचं, तिथं कुपोषणानं लय पोरं गेलेली. लेकरू गप झालं की काय होतं ते आमच्याकडं कोणाला सांगावं लागत नाय. पण बोलू कोणाला, नवरा भिवंडीला कामावर.

त्या सकाळी पोर झोळीत कण्हली. बाबा दारात उभे. मला वाटलं, आता बोलतील परत एकदा. बोललेच नाय. हात डोक्याच्या वर नेला, मंग कमरेपर्यंत आणला, मंग गुडघ्यापर्यंत. कुकरला करतात तसंच, पण तोंड पांढरं पडलेलं. तसेच बिनचपलेचे जावयाला बोलवायला पळाले. डॉक्टरसाहेबांनी पोरीला बघितलं न् बोलले, पिशवी भरत बसू नको, आधी चल.

पोर कितीतरी दिवस वॉर्डात. बाबा रोज बाहेर बाकड्यावर. मंग एका दुपारी पोर अशी बोंबलली की सिस्टर पळत आली. बाबा दारात येऊन उभे राहिले, डोक्यावरची टोपी काढली.

"परत एकदा," हळूच बोलले.

वॉर्डातल्या बाया हसल्या. मीपण हसले, हसता हसता रडले.

घरी आल्यावर ताईला विचारलं, बाबा पोरीचं रडणं असं ऐकत का बसतात? ती बोलली, त्यांच्या नाटकात माझी आई गायची. ती गेली, मंग लढाईत ते थेटरपण पडलं. आता ते नाटक कुठंच होत नाय, बाबांच्या डोक्यातच वाजतं.

आता संध्याकाळी पोर रडायला लागली की बाबा येतात, उंबऱ्यावर बसतात, बोटं हलायला लागतात. सासू आतनं ओरडते, बहिरी हायस का गं, उचल तिला.

उचलते की. बाबांची बोटं थांबली की उचलते.