हसनचाचांचं उभं तळं

आमच्या शेजारच्या हसनचाचांची पहिल्यांदा ओळख झाली, तर ते तुमचं नाव-गाव विचारणार नाहीत. "उभं तळं बघितलंत काय?" हे विचारतील. नाही म्हणालात तर खुर्ची पुढे येते. हो म्हणालात तरीही येते, कारण मग तुमचं काय काय बघायचं राहिलं ते त्यांना सांगावं लागतं.

उभं तळं चिरमान देशात आहे. चिरमान नकाशात नाही. त्याला चाचांचं उत्तर तयार असतं : "नकाशेवाले बोटीतून खाली उतरलेच नायत!" तिथे जांभ्याचे दोन उंच कडे आहेत आणि त्यांच्या मधोमध पाणी भिंतीसारखं सरळ उभं आहे. ना बांध, ना काच. समोर उभं राहिलं की मासे डोळ्यांपुढून जातात. बायका हंडा आडवा धरून भरतात. म्हशी अलीकडून शिरतात आणि पलीकडून धुऊन निघतात.

"चाचा, खोल किती आहे?" मी एकदा विचारलं.

"खोल नाय रे, जाड किती ते विचार. पावसात जाड होतं, मे महिन्यात बारीक. एका उन्हाळ्यात चादरीएवढं उरलेलं. पलीकडच्या माणसाशी गप्पा मारल्या मी."

चाचा जन्मभर मालवाहू जहाजांवर स्वयंपाकी होते. लांब उत्तरेला उन्हाळ्यात सूर्य मावळतच नाही, हे त्यांनी स्वतः पाहिलेलं. ते सांगितलं की आमची गल्ली हसते. "काय फेकतात चाचा!" उभ्या तळ्याचं सांगितलं की मात्र लोक गंभीरपणे विचारतात, "बांगडा मिळतो काय हो तिथे?"

"गोड्या पाण्यात बांगडा?" चाचा दुखावतात. "अक्कल हाय काय तुला?"

गेल्या दिवाळीत गल्लीतल्या कुणीतरी चाचांचा व्हिडिओ काढून पसरवला. आठवड्याभरात दारात पुण्याची गाडी उभी. नवरा, बायको आणि नवऱ्याची म्हातारी आई. नवरा फोन नाचवत होता. "लोकेशन सापडत नाहीये. तळं नक्की कुठंय?"

"तुमच्या फोनात नाय गावायचं. चिरमानात हाय."

"म्हणजे हे सगळं खोटं? आईला घेऊन आख्खा घाट उतरून आलोय आम्ही!"

दगडी गडग्यापलीकडे, आमच्या अंगणात, मला घाम फुटला. चाचा शांत. "मग दमला असाल. जेवून जावा. मासे खाता ना?"

नको नको म्हणत मंडळी बसली. मलाही हाक आली. झुलेखाचाचींनी बांगड्याचं तिखलं आणि तांदळाच्या भाकऱ्या वाढल्या. तिसऱ्या भाकरीला पाहुण्यांचा राग संपला. चौथीला ते चाचांना विचारू लागले, "पण पाणी पडत कसं नाही हो?"

जेवण झाल्यावर सगळे ओट्यावर बसलो. इतका वेळ गप्प असलेल्या आजी म्हणाल्या, "एवढं पाणी म्हणजे कुणीतरी बुडत असेल हो तिथं."

"नाय." चाचा पटकन म्हणाले. "कोण घसरलाच, तर बाजूनं हात घालायचा नि बाहेर ओढायचा. कुठूनबी हात पोचतो. मग उभं कशाला केलं मी?"

'केलं' हा शब्द त्यांच्या तोंडून मी पहिल्यांदाच ऐकला. बहुतेक त्यांनीही. ते अंगणातल्या माडाकडे बघू लागले.

"अयूब आमचा," ते म्हणाले. "दहावीत होता. दोस्तांबरोबर खाडीत पोहायला गेला. मी तेव्हा जहाजावर. कप्तानानं बोलावून सांगितलं, तेव्हा चहूकडं नुसतं पाणी. उतरून जाऊ कुठं? माती द्यायलाबी पोचलो नाय."

पुण्याच्या त्या माणसाने फोन खिशात ठेवला. इतकी वर्षं गडग्याला गडगा लागून राहतो आम्ही, पण त्या घरात मुलगा होता हे मला माहीत नव्हतं.

चाची सुपारीचं तबक घेऊन दारात आल्या होत्या. त्यांनी सगळं ऐकलं असावं. या तळ्याबद्दल त्यांनी कधी अवाक्षर काढल्याचं मला आठवत नाही. चाचांनी विषय काढला की त्या आत निघून जायच्या. आम्हाला वाटायचं, कंटाळल्या असतील बिचाऱ्या.

तबक खाली ठेवून त्या म्हणाल्या, "पाणी गार असंल."

चाचांना आधी कळलंच नाही, कुणाशी बोलतायत. मग ते गडबडीने सावरून बसले.

"नाय, नाय. कोमट हाय. तू त्याला न्हाऊ घालायचीस ना, तेवढं."

चाचींनी पदर नीट केला आणि त्या चाचांशेजारी ओट्यावर बसल्या.

"सांगा पुढं," म्हणाल्या.